संग्रहित चित्रणाची साक्ष : अनुबोधपटासाठी जुने फुटेज शोधणे, पारखणे आणि वापरणे

गिरणगावावरील एका अनुबोधपटाचा कच्चा कट आम्ही लालबागमध्ये काही जुन्या रहिवाशांना दाखवला, तेव्हा पहिल्या रांगेतील एका निवृत्त कामगाराने मध्येच हात वर केला. पडद्यावर गिरणीच्या फाटकातून बाहेर पडणारी गर्दी होती आणि निवेदनात १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाची हकीकत चालली होती. “ही माणसं संपातली नाहीत,” ते म्हणाले, “हातात डबे आहेत बघा. ही पाळी सुटलीय.” आम्ही शॉट मागे घेऊन पुन्हा लावला, तर खरोखरच दर तिसऱ्या-चौथ्या माणसाच्या हातात जेवणाचा डबा होता. संपावर असलेला कामगार डबा घेऊन गिरणीतून बाहेर येणार नाही, ही साधी गोष्ट संकलनाच्या टेबलावर महिनाभर बसूनही आम्हाला दिसली नव्हती. संग्रहातून आलेल्या कार्डावर ‘गिरणी संप’ असे लिहिलेले होते आणि आम्ही शॉट न पाहता कार्ड वाचले होते.

जुने चित्रण म्हणजे साक्षीदार असतो, आणि साक्षीदाराची उलटतपासणी घ्यावी लागते. तो कोणी, कधी, कोणासाठी टिपला हे विचारल्याशिवाय त्याला पडद्यावर उभे करू नये. पुढे जी पद्धत दिली आहे ती याच समजुतीवर उभी आहे आणि ज्यांना पहिल्यांदाच संग्रहित फुटेजसह माहितीपट करायचा आहे त्यांच्यासाठी ती क्रमाने मांडली आहे.

पहिली पायरी : फुटेजकडून कोणते काम हवे ते लिहून काढावे

शोध सुरू करण्यापूर्वी पटकथेच्या प्रत्येक प्रसंगासमोर एक ओळ लिहावी: येथे जुने चित्रण नेमके काय करणार आहे? ते घटना घडल्याचा पुरावा देणार आहे, काळाचे वातावरण उभे करणार आहे, की निवेदकाच्या अथवा मुलाखत देणाऱ्याच्या म्हणण्याला छेद देणार आहे? या तिन्ही कामांसाठी लागणारी काटेकोरपणाची पातळी वेगळी असते. वातावरणासाठी ‘साठच्या दशकातील मुंबईचा रस्ता’ चालू शकतो. पुराव्यासाठी तोच दिवस आणि तीच जागा हवी. मुलाखतीतील कट झाकण्यासाठी जुने शॉट पेरणे हा चौथा उपयोग फार प्रचलित आहे, पण माझ्या मते तो शक्यतो टाळावा, कारण त्यामुळे प्रेक्षकाला जुने चित्रण नीट न पाहण्याची सवय लागते आणि पुढे खरा पुरावा समोर आला तरी तो तसाच निसटून जातो.

छेद देण्याचे काम सर्वांत अवघड, पण सर्वांत मोलाचे आहे. एस्फिर शुब या सोव्हिएत दिग्दर्शिकेने १९२७ मध्ये रोमानोव्ह घराण्याच्या पतनावरील चित्रपट जुन्या रिळांमधून उभा केला. त्यात झारच्या घराण्यासाठी आणि त्याच्या गौरवासाठी घेतलेली चित्रणे होती. त्यांच्या शेजारी कष्टकऱ्यांची आणि युद्धाची दृश्ये ठेवताच त्याच चित्रणांनी झारविरुद्ध साक्ष दिली. एकही प्रतिमा न बदलता केवळ शेजार बदलून अर्थ बदलतो, ही या माध्यमाची ताकद आहे आणि तिचा गैरवापरही तितक्याच सहजपणे होतो.

दुसरी पायरी : कोठे शोधावे

भारतातील शोध बहुतेक वेळा फिल्म्स डिव्हिजनच्या संग्रहापासून सुरू होतो. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेने कित्येक दशके चित्रपटगृहांसाठी वार्तापट आणि अनुबोधपट काढले. मुख्य चित्रपटापूर्वी ते दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. दुसरे ठिकाण म्हणजे पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. ते १९६४ मध्ये सुरू झाले आणि पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून ते घडवले. २०२२ मध्ये या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या, त्यामुळे आता पत्रव्यवहार महामंडळाशी होतो. मात्र दोन्ही संग्रहांतला एक फरक पक्का लक्षात ठेवावा. फिल्म्स डिव्हिजनने स्वतः निर्मिती केली, म्हणून त्या चित्रणाचे हक्क एकाच जागी सापडतात. संग्रहालयाकडे मात्र मुख्यतः इतरांनी निर्माण केलेल्या चित्रपटांच्या प्रती आहेत, आणि प्रत हाती असणे म्हणजे हक्क हाती असणे नव्हे. तेथे निर्मात्याची किंवा त्याच्या वारसांची परवानगी वेगळी मिळवावी लागते.

सरकारी संग्रहांमध्ये पोकळ्याही आहेत आणि त्या कोठे आहेत हे माहीत असेल तर महिनोन्महिने वाया जात नाहीत. १९४३ मध्ये युद्धकाळात उभी राहिलेली ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ ही यंत्रणा १९४६ मध्ये बंद झाली आणि फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये आली. म्हणजे १५ ऑगस्ट १९४७ या दिवशी भारत सरकारकडे स्वतःचा चित्रपट विभागच नव्हता. या काळासाठी खासगी कॅमेरामनांनी घेतलेल्या चित्रणाकडे आणि ब्रिटिश पाथे, ब्रिटिश मूव्हिटोन यांसारख्या परदेशी वार्तापट कंपन्यांच्या संग्रहांकडे वळावे लागते.

खासगी चित्रणाचे महत्त्व सांगणारे एक उदाहरण तर महाराष्ट्राने कधीच विसरू नये असे आहे. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची अंत्ययात्रा निघाली, तेव्हा तिचे चित्रीकरण नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून केले. लाखोंच्या त्या समुदायाची हलती प्रतिमा आज आपल्याला दिसते ती एका माणसाने त्या दिवशी खिशाचा विचार केला नाही म्हणून. एखाद्या आंदोलनावर किंवा समाजावर काम करताना त्यामुळे सरकारी यादी संपली की शोध संपला असे समजू नये. जुने छायाचित्रकार, स्टुडिओ, पक्षांची आणि कामगार संघटनांची कार्यालये, धर्मादाय संस्था आणि माणसांच्या घरातील माळे, सगळीकडे विचारावे.

शोधशब्द त्या काळाचे आणि त्या बाजूचे असावेत. ‘पुणे’ टाकून जे मिळत नाही ते ‘पूना’ टाकून मिळते. डिसेंबर १९६१ मधील गोव्याच्या घटना आपल्याकडील सूचीत ‘मुक्ती’ या शब्दाखाली असतात, तर पोर्तुगीज संग्रहांत ‘आक्रमण’ या अर्थाच्या शब्दाखाली आणि ‘पोर्तुगीज इंडिया’ या प्रदेशनामाखाली शोधाव्या लागतात. गोव्यावर माहितीपट करणाऱ्याने लिस्बनमधील सिनेमाटेका हा चित्रपट-संग्रह आणि पोर्तुगालच्या आरटीपी या दूरचित्रवाणीचा संग्रह न पाहता काम पुरे झाले असे म्हणू नये, कारण सूचीतील तो एक शब्दच कॅमेरा कोणाच्या बाजूला उभा होता हे सांगतो.

दूरचित्रवाणीच्या काळाबद्दल थोडक्यात. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्या जमान्यात टेप महाग असल्यामुळे जगभरातील केंद्रांमध्ये जुन्या टेपवर नवे कार्यक्रम ध्वनिचित्रमुद्रित होत. कार्यक्रम प्रसारित झाला होता एवढ्यावरून त्याची टेप शिल्लक असेल असे गृहीत धरू नये.

घरगुती चित्रणात आठ मिलिमीटरची रिळे, १९६५ मध्ये आलेली सुपर आठ आणि पुढे व्हीएचएस टेप असतात. अमेरिकेतील मराठी मंडळांच्या किंवा तेथील नातलगांच्या जुन्या टेप मिळाल्या तर त्या एनटीएससी या तेथील व्हिडिओ-पद्धतीच्या असणार हे लक्षात घ्यावे. आपल्याकडील टेप पाल पद्धतीच्या. नुसत्या पाल यंत्रावर त्या लावल्या की चित्र लोळते किंवा रंग जातो, आणि टेप खराब झाली असे समजून माणसे ती फेकून देतात. दोन्ही पद्धती वाचणारे यंत्र असलेल्या लॅबमध्येच ती द्यावी.

तिसरी पायरी : पाहणे आणि नोंदणे

संग्रह सुरुवातीला कमी दर्जाची, टाइमकोड (चित्रावर उमटलेली वेळेची नोंद) आणि जलचिन्ह असलेली प्रत देतो. ती पाहताना लॉगशीट, म्हणजे शॉटच्या नोंदींचा तक्ता, भरण्याचा कंटाळा करू नये. शॉटचा टाइमकोड, संग्रहाचा क्रमांक, मूळ माध्यम, संग्रहाच्या कार्डावरील वर्णन आणि आपल्याला प्रत्यक्ष काय दिसते, हे सगळे वेगवेगळ्या रकान्यांत लिहावे. शेवटचे दोन रकाने कधीही एकत्र करू नयेत. आमच्या डब्यांच्या शॉटची चूक नेमकी तेथे झाली: लॉगशीटमध्ये ‘दिसते ते’ या रकान्यात आमच्या सहायकाने कार्डावरचाच मजकूर उतरवला होता आणि आम्ही कोणी तो तपासला नाही.

संकलकाने वापरलेल्या फाइलचे नाव संग्रहाच्या क्रमांकानेच सुरू व्हावे. ‘जुनी गर्दी दोन’ अशा नावाच्या फाइलच्या मूळ फिल्मचा डबा सहा महिन्यांनी कोणालाही सापडत नाही, आणि अंतिम स्कॅन मागवण्याची वेळ नेमकी तेव्हाच येते.

चौथी पायरी : ओळख पटवणे

संपूर्ण कामातील सर्वाधिक वेळ या पायरीला द्यावा. एका शॉटसाठी आठवडा गेला तरी तो वाया गेला असे मानू नये.

मूळ फिल्म पाहायला मिळाली तर सुरुवात तिच्या कडेपासून करावी. हातमोजे घालून, फिल्म कडांनी धरून, दिव्याच्या टेबलावर भिंगाखाली कडेवरचे छापील अक्षर वाचावे. ‘सेफ्टी’ (सहज न पेटणारी फिल्म) किंवा ‘नायट्रेट’ (चटकन पेटणारी जुनी फिल्म) असे शब्द तेथे असतात. कोडॅकच्या फिल्मवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी छोटी चिन्हे असतात आणि त्यांच्या जोडीवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते तक्त्यात पाहता येते. ही चिन्हे साधारण वीस वर्षांनी पुन्हा येतात, म्हणून चित्रातील इतर खुणांशी त्यांचा मेळ घालावा लागतो. शिवाय मूळ निगेटिव्हची चिन्हे प्रत काढताना प्रतीवरही उमटतात, त्यामुळे कडेवर दोन वेगवेगळी वर्षे दिसली तर गोंधळून जाऊ नये. एक मूळ निगेटिव्हची फिल्म तयार झाल्याचे आणि दुसरे प्रतीची फिल्म तयार झाल्याचे असू शकते. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर अॅसिटेट (‘सेफ्टी’) फिल्म कुजायला लागली आहे असे समजावे आणि तो डबा इतरांपासून वेगळा ठेवावा.

नंतर चित्राकडे यावे. दुकानाच्या पाटीवर दर ‘नये पैसे’ या शब्दांत असेल तर शॉट १ एप्रिल १९५७ पूर्वीचा असू शकत नाही, कारण दशमान नाणी त्या दिवशी आली, आणि १९६४ मध्ये ‘नये’ हा शब्द अधिकृतपणे गळाला. मुंबईच्या रस्त्यावर ट्राम धावताना दिसली तर तो ३१ मार्च १९६४ नंतरचा नाही. गाडीच्या क्रमांकपट्टीवर राज्याच्या अक्षरांनंतर जिल्ह्याचा क्रमांक, उदाहरणार्थ एमएच-१२, असेल तर शॉट १९८९ च्या आधीचा नाही. चित्रपटाचे पोस्टर वाचता आले तर ग्रंथालयात त्या काळातील वर्तमानपत्रे काढून तो चित्रपट त्या चित्रपटगृहात कोणत्या आठवड्यांत लागला होता ते पाहावे. जाहिरातीच्या पानाइतका विश्वासू साक्षीदार क्वचित भेटतो. सावल्यांची लांबी, झाडांची पालवी, छत्र्या, स्वेटर, रस्त्यावरचा चिखल, यांवरून वेळ आणि ऋतू कळतो. एका शॉटसाठी किमान दोन स्वतंत्र खुणा जुळल्याशिवाय पडद्यावर तारीख लिहू नये.

चित्रीकरणाची पद्धत कळली तर शॉट अधिक नीट वाचता येतो. वार्तापटांचे कॅमेरामन अनेकदा किल्ली देऊन चालणारा आयमो हा पस्तीस मिलिमीटरचा कॅमेरा वापरत. त्यात १०० फुटांचे रीळ बसे, म्हणजे सेकंदाला २४ चौकटी या वेगाने जेमतेम एक मिनिट सात सेकंद. कॅमेरामनला प्रत्येक सेकंद मोजून खर्चावा लागे, म्हणून व्यासपीठावरचा नेता भरपूर दिसतो आणि मागे उभी असलेली बाई दोन सेकंदांत निघून जाते. कोण टिपले गेले नाही, हे कोण टिपले गेले याइतकेच काळजीपूर्वक पाहावे. वसाहतकाळातील सरकारी चित्रणाला तर हा प्रश्न आणखी कठोरपणे विचारला पाहिजे.

आवाजाबद्दल एक स्पष्ट इशारा द्यावासा वाटतो. वार्तापटांतील बरेचसे चित्रण मूक असे आणि घोषणा, टाळ्या, गर्दीचा गोंगाट हे सगळे नंतर स्टुडिओत जोडले जाई. वार्तापटात ऐकू येणारी घोषणा त्या दिवशी दिली गेली होती असा निष्कर्ष केवळ ध्वनिपट्टीवरून काढू नये.

आणि शेवटी, शॉट माणसांना दाखवावा. त्या गल्लीत, त्या गिरणीत, त्या गावात आयुष्य काढलेल्या माणसांना जे दिसते ते कोणत्याही सूचीत लिहिलेले नसते. असे दाखवणे अंतिम कटनंतर ठेवू नये. ओळख पटवण्याच्या टप्प्यावरच ते करावे.

पाचवी पायरी : हक्क आणि करार

भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाला प्रकाशनानंतरच्या वर्षाच्या आरंभापासून ६० वर्षे संरक्षण असते. १९५६ मध्ये प्रकाशित झालेल्या वार्तापटाचे संरक्षण १ जानेवारी १९५७ पासून मोजले जाते आणि ३१ डिसेंबर २०१६ रोजी संपते. गणना प्रकाशनापासून होते, चित्रीकरणापासून नाही. मुदत संपली तरी त्या चित्रपटातील गाण्याचे हक्क जिवंत असू शकतात, कारण गीतकाराच्या शब्दांचे आणि संगीतकाराच्या संगीताचे संरक्षण त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षे चालते. शिवाय संग्रह आपल्या स्कॅनसाठी आणि सेवेसाठी शुल्क आकारतो, ते वेगळेच. परदेशांत प्रदर्शन करायचे असेल तर तेथील मुदती स्वतंत्रपणे तपासाव्या लागतात.

हक्कधारक मृत किंवा अज्ञात असेल, किंवा शोधूनही सापडत नसेल, तर कायद्याच्या कलम ३१-अ मध्ये परवाना मिळवण्याची वाट आहे. कलम ५२ मधील समीक्षा आणि चालू घडामोडींसाठीच्या सवलतींवर मात्र ऐतिहासिक अनुबोधपटाने सरसकट भिस्त ठेवू नये. यूट्यूबवर उपलब्ध असणे म्हणजे परवाना असणे नव्हे, हे अजूनही वारंवार सांगावे लागते. ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये आपले ८५,००० चित्रपट यूट्यूबवर ठेवले ते पाहण्यासाठी. वापरण्यासाठी करार लागतोच.

करारात प्रदेश, माध्यम आणि मुदत या तीन गोष्टी पाहाव्यात. केवळ महोत्सवांसाठीचा परवाना स्वस्त पडतो, पण पुढे दूरचित्रवाणी किंवा ओटीटीसाठी तोच शॉट पुन्हा विकत घ्यावा लागतो. म्हणून पुढच्या हक्कांचे दर पहिल्याच करारात लिहून घ्यावेत. शुल्क सेकंदावर असते आणि अनेक ठिकाणी किमान आकारणीही असते, त्यामुळे सहा संग्रहांतून तीन-तीन सेकंद घेण्यापेक्षा दोन संग्रहांतून सलग घेणे परवडते. घरगुती रिळांसाठी कुटुंबाची लेखी संमती घ्यावी, आणि रीळ ज्याच्या घरात आहे तो आणि ज्याने चित्रण केले तो, या दोन वेगळ्या व्यक्ती असू शकतात हे विसरू नये. सही करण्यापूर्वी करार या विषयातील वकिलाला दाखवावा.

सहावी पायरी : स्कॅन आणि तांत्रिक जुळणी

नायट्रेट फिल्म घरी किंवा कार्यालयात ठेवू नये आणि यंत्रावर चालवून पाहू नये. ती पेटली की स्वतःचाच प्राणवायू पुरवत जळते; जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांची मोलाची रिळे नष्ट झाली. असा डबा सापडला तर लगेच राष्ट्रीय संग्रहालयाशी संपर्क साधावा.

मूकपटाच्या काळातील चित्रण अनेकदा सेकंदाला १६ ते १८ चौकटींनी झाले. १६ चौकटींचे चित्रण २४ ने चालवले की ते दीडपट वेगाने धावते आणि गंभीर माणसेही तुरुतुरु चालू लागतात. हा दोष तंत्राचा असूनही प्रेक्षक त्या माणसांना हसतो, म्हणून वेग दुरुस्त करणे हे त्यांच्याबद्दलच्या आदराचा भाग आहे. स्कॅन एकास एक चौकट असा घ्यावा आणि वेग संकलनात ठरवावा. पाल व्हिडिओचे चित्र दोन-दोन अर्ध्या क्षेत्रांत विणलेले असते. ते नीट उलगडले नाही तर हलत्या हाताच्या कडेला दातेरी रेषा दिसतात.

जुनी चौकट चारास तीन, आजची सोळास नऊ. पडदा भरण्यासाठी वरून-खालून कापले तर चित्राचा बरोबर एक चतुर्थांश भाग जातो, आणि पाट्या, पाय, पार्श्वभूमी याच भागात असतात. आमच्या शॉटमधले डबे चौकटीच्या खालच्या काठाजवळ होते. कापला असता तर ते कोणालाच दिसले नसते. दोन्ही बाजूंना काळी पट्टी ठेवून पूर्ण चौकट दाखवावी, हे माझे ठाम मत आहे. ताणून रुंद तर कधीच करू नये.

सातवी पायरी : संकलन

शॉटला श्वास घेऊ द्यावा. जुन्या चित्रणातील चेहऱ्यापर्यंत प्रेक्षकाची नजर पोहोचायला नव्या चित्रणापेक्षा अधिक वेळ लागतो. जेथे शॉट पुराव्याचे काम करतो तेथे जागा आणि तारीख पडद्यावर लिहावी. जेथे तो केवळ त्या काळाचा आहे तेथे ‘संग्रहित चित्रण’ असे स्पष्ट लिहावे. नंतर रचलेला प्रसंग जुन्या फिल्मसारखा खरखरीत करून त्यात मिसळू नये. कृत्रिम बुद्धिमत्तेने तयार केलेल्या प्रतिमांबाबत तर अधिकच काटेकोर राहावे. संग्रहित चित्रणावर काम करणाऱ्या निर्मात्यांच्या ‘आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स’ या संघटनेने २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शक सूचना निर्मात्यांनी वाचाव्यात. दंगल, दुष्काळ, अपघात यांतील माणसांनी कॅमेऱ्याला संमती दिलेली नव्हती. त्यांच्या वेदनेचा शॉट एकदा लागतो, तीनदा नाही.

जेथे चित्रणच नाही, तेथे तसे सांगावे. डिसेंबर १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा सावेदादा भाटवडेकर यांनी मुंबईतील त्यांचे स्वागत चित्रित केले, आणि आपल्याकडील वार्ताचित्रणाची ती सुरुवात मानली जाते. ती फिल्म दाखवता येत नाही, म्हणून तिच्या जागी त्या काळातली दुसरी कोणतीही गर्दी दाखवू नये. रिकामा पडदा आणि एक वाक्य तेथे पुरेसे होते.

आठवी पायरी : काम संपल्यावर

अंतिम कटमधील प्रत्येक शॉटची टाइमकोडसह यादी, परवाने आणि ओळखीचे पुरावे एका फोल्डरमध्ये ठेवावेत. प्रसारक आणि महोत्सव ती मागतात. नव्याने सापडलेली घरगुती रिळे, कुटुंबाची तयारी असेल तर, संग्रहालयाकडे सुपूर्द करण्याचा प्रयत्न करावा, कारण कोकणातल्या किंवा मुंबईतल्या दमट माळ्यावर टेपला बुरशी लागायला एक-दोन पावसाळे पुरतात. आणि संग्रहाच्या कार्डावरील जी चूक सापडली असेल ती पुराव्यासह लेखी कळवावी.

त्या डब्यांच्या शॉटची आम्ही तशीच चौकशी केली. मागच्या भिंतीवरील पोस्टर आणि वर्तमानपत्रांतील जाहिराती यांवरून तो संपाच्या काही वर्षे आधीचा ठरला. चित्रपटात आम्ही तो पुढे आणला, जेथे गिरण्या अजून चालू आहेत, आणि त्यावरचे निवेदन काढून टाकले. संग्रहाला पत्र पाठवले. पुढच्या वर्षी दुसऱ्या कामासाठी तेच कार्ड मागवले, तेव्हा ‘गिरणी संप’ हे शब्द खोडून त्याखाली ‘पाळी सुटताना कामगार’ असे लिहिलेले होते.